'यदृच्छया' नेमकं कुठे चालतं, कुठे नाही?

कंसातला

विज्ञानाच्या एका प्रयोगपुस्तिकेचा मराठी मजकूर तपासतोय. इंग्रजीत जिथे जिथे 'रँडमली' होतं तिथे तिथे भाषांतरात डोळे मिटून 'यदृच्छया' बसवलंय. पाच वाक्यं जशीच्या तशी देतो:

१. वाफ्यातल्या ८७ रोपांमधून १२ रोपे यदृच्छया निवडा.
२. २० कुंड्या दोन गटांत यदृच्छयाने वाटा.
३. काचपट्टीवर परागकण यदृच्छया विखुरलेले दिसतील.
४. जिवाणूंमध्ये उत्परिवर्तने यदृच्छया घडतात.
५. दिलेल्या वर्तुळाची एक जीवा यदृच्छया काढा.

शब्द चुकीचा वाटत नाही, पण पाचही ठिकाणी तो एकच काम करतोय असंही वाटत नाही. 'स्वैरपणे', 'कशीही', 'सहजगत्या', 'इतस्ततः' यांपैकी काही कुठे जास्त बरं पडेल का? आणि दुसऱ्या वाक्यातलं 'यदृच्छयाने' चालतं का? वाचणारे नववी ते बारावीचे विद्यार्थी आहेत, वाचून लगेच प्रयोग करणारे.

---

दीर्घऊकार

शेवटच्या प्रश्नापासून सुरू करतो, कारण तो एका ओळीत संपतो: 'यदृच्छयाने' चूक. 'यदृच्छया' हे 'यदृच्छा' या स्त्रीलिंगी शब्दाचं संस्कृतातलं तृतीया एकवचन आहे, 'ने' त्याच्या पोटातच आहे. 'कृपा'चं 'कृपया' होतं, तसंच. 'कृपयाने दार लावा' असं कोणी म्हणत नाही. मराठी प्रत्ययच लावायचा तर मूळ शब्दाला लावा: इच्छा–इच्छेने, तसं यदृच्छा–यदृच्छेने. तेही शुद्धच आहे, फक्त कमी दिसतं.

विशेषण 'यादृच्छिक'. 'इक' लागताना पहिल्या 'य'चा 'या' होतो, समाज–सामाजिकसारखा, आणि 'च्छि' ऱ्हस्वच राहतो. 'यदृच्छिक', 'यादृच्छीक', 'याद्रुच्छिक' ही तिन्ही रूपं छापील मजकुरात घुसतात, तिन्ही काढून टाका. विशेषणावरून क्रियाविशेषण करायचं तर 'यादृच्छिकपणे' किंवा 'यादृच्छिक पद्धतीने'. 'यादृच्छिकरीत्या' लिहिलंत तर 'री' दीर्घ, कारण 'रीत्या' ही 'रीति'ची तृतीया.

आता अर्थाचा घोळ. पुष्कळांना या शब्दात 'इच्छा' ऐकू येते. पण यत् आणि इच्छा यांचा संधी 'यदिच्छा' झाला असता. इथे 'दृ' आहे, म्हणजे पुढचा स्वर 'ऋ'. धातू 'ऋच्छ्', जाणे किंवा येऊन गाठणे. जे येऊन ठेपेल ते, असा भाव. तरी संस्कृतात या शब्दाला दोन पदर आहेतच: एक मनमानी, दुसरा योगायोग. दुसरा अर्थ बहुतेक करून तृतीयेतच, म्हणजे 'यदृच्छया' याच रूपात येतो. गीतेतलं 'यदृच्छया चोपपन्नम्' (२.३२) म्हणजे न मागता, आपसूक समोर आलेलं. श्वेताश्वतरात जगाचं कारण काय असेल याची यादी आहे: काल, स्वभाव, नियती आणि त्यांच्याच रांगेत यदृच्छा. तिथे ती नियतीच्या शेजारी, पण नियतीहून वेगळी मोजली आहे, हे लक्षात घेण्यासारखं आहे.

मनमानीच्या बाजूचा पदर व्याकरणात टिकला. पतंजलीने शब्दांचे चार प्रकार सांगितले त्यात जाती, गुण, क्रिया यांच्यानंतर चौथे 'यदृच्छाशब्द', म्हणजे अर्थाचा आधार न घेता ठेवलेली नावं. आजच्या भाषाविज्ञानातलं 'भाषा ही यादृच्छिक ध्वनिसंकेतांची व्यवस्था' हे वाक्य त्याच वाटेवरचं. तिथे 'यादृच्छिक' म्हणजे 'कुठल्याही अंगभूत नात्याविना ठरलेलं', शक्यतेचा हिशेब तिथे नाही. तुमच्या पुस्तिकेत मात्र संभाव्यतेचाच अर्थ हवा आहे, आणि दहावीच्या गणितात 'यादृच्छिक प्रयोग' हा शब्द मुलांच्या डोळ्यांखालून गेलेला असतो. तेव्हा 'यदृच्छया'ऐवजी सगळीकडे 'यादृच्छिक पद्धतीने' केलंत तरी निम्मी अडचण सुटेल, कारण ओळखीचं रूप ते आहे.

जाता जाता: 'यथेच्छ' हा वेगळाच शब्द. 'यथेच्छ निवडा' म्हणजे मन भरेस्तोवर निवडा. शुद्धलेखन तपासणारं एखादं सॉफ्टवेअर नको तिथे तो सुचवेल, बघा.

---

नमुनापेटी

व्याकरण वर आलंच. मी पहिल्या दोन वाक्यांबद्दल लिहिते, कारण तिथे हा शब्द वर्णन करत नाही, आज्ञा देतो. आज्ञार्थी वाक्यात 'यदृच्छया' एकटं सोडलं की मुलगा वाफ्यात उतरून 'कशीही' बारा रोपं उपटतो. आणि 'कशीही' म्हणजे काय होतं? हात कडेच्या रोपांना टाळतो, किंवा फक्त कडेचीच घेतो कारण आत चिखल आहे. नजर उंच रोपावर आधी जाते. निवडणाऱ्याला आपण निःपक्षपाती आहोत असं मनापासून वाटत असतं. यात लबाडी नाही, माणसाचा मेंदू या कामाला कच्चा आहे इतकंच. मनाने शंभर अंक सांगायला लावा: लागोपाठ तोच अंक येण्याची वेळ सुमारे दहा जोड्यांत यायला हवी, पण सांगणारे त्याला घाबरतात आणि 'तीन तीन' म्हणतच नाहीत.

संख्याशास्त्रात या क्रियाविशेषणाचा अर्थ असा: निवडीच्या आधी प्रत्येक घटकाची निवडलं जाण्याची संभाव्यता ठाऊक आहे, ती शून्य नाही, आणि निवड कोणी माणूस नाही तर एखादं साधन करतं. म्हणून वाक्यात तीन गोष्टी यायलाच हव्यात: कशातून, किती, कशाने. तिसरी नसेल तर शब्द पोकळ आहे.

वाक्य १ असं करता येईल:

"८७ रोपांना १ ते ८७ क्रमांक द्या. यादृच्छिक अंकांच्या तक्त्यातून दोन-दोन अंकी संख्या क्रमाने वाचा. ०० आणि ८८ ते ९९ आल्यास सोडून द्या. आलेली संख्या पुन्हा आल्यास तीही सोडा. १२ वेगवेगळे क्रमांक मिळेपर्यंत पुढे जा."

इथे एक चूक ठरलेली. ८८ ते ९९ 'वाया' जातात म्हणून कुणीतरी युक्ती काढतं: ८७ वजा करा. ८८ म्हणजे १, ८९ म्हणजे २, असं करत ९९ म्हणजे १२, आणि ०० ला शंभर धरून १३. हिशेब करून पाहा. १ ते १३ या रोपांकडे शंभरातल्या दोन-दोन संख्या आल्या, १४ ते ८७ कडे एकेकच. पहिल्या तेरा रोपांची संधी दुप्पट झाली. आणि क्रमांक वाफ्याच्या एका टोकापासून दिलेले असतील तर सगळं झुकतं माप त्या टोकाला, कदाचित नेमकं पाणी शिरतं त्याच टोकाला. संख्या टाकून देण्यात वेळ जातो, पण निवड समान राहते ती त्यामुळेच.

तक्ता नसेल तर संगणकावरचं पत्रक चालेल: एका स्तंभात १ ते ८७, शेजारी रँडचं सूत्र (पत्रकातलं RAND(), ० ते १ मधला यादृच्छिक आकडा देणारं), दुसऱ्या स्तंभानुसार क्रम लावा, वरचे १२ घ्या. पण क्रम लावण्यापूर्वी ते आकडे 'व्हॅल्यूज' म्हणून चिकटवून गोठवा. नाहीतर पत्रकात काहीही बदललं की सगळे आकडे नव्याने पडतात. मग आपण कुठले बारा घेतले ते नंतर कुणालाच दाखवता येत नाही.

'दर सातवं रोप' ही निवडही वाईट नाही, पण तिला यदृच्छया म्हणू नका. ती पद्धतशीर निवड. त्यात यदृच्छया असतं ते फक्त पहिलं रोप, १ ते ७ मधलं. (८७ ला ७ ने पूर्ण भाग जात नाही, म्हणून सुरुवात १, २ किंवा ३ ला झाली तर १३ रोपं येतात, ४ ते ७ ला झाली तर १२.) वाफ्यात काही दर सात रोपांनी पुन्हा पुन्हा येत असेल, ठिबकचं तोंड म्हणा, तर सगळी निवडलेली रोपं तोंडाशीच सापडतील.

---

साधंसोपं

एवढं सगळं मान्य, पण शब्दच का नाही बदलत? मराठीत 'चिठ्ठ्या टाकून' हा चांगला, सगळ्यांना कळणारा प्रयोग आहे. सरकारी कागदांत 'सोडत काढून' आहे. 'यदृच्छया' म्हटलं की निम्मी मुलं तो कुठल्यातरी स्तोत्रातला शब्द समजणार.

---

नमुनापेटी

'चिठ्ठ्या टाकून' ला माझा पाठिंबा आहे. त्यात 'कशाने' हा भाग आपोआप येतो, तो 'यदृच्छया'त नसतो. फक्त चिठ्ठ्यांनी काम नीट होतं असं गृहीत धरू नका. कागद एकाच मापाचे, घड्या सारख्या, भांडं निम्मंच भरलेलं, आणि ढवळणं खरोखरचं. १ डिसेंबर १९६९ ला अमेरिकेत लष्करभरतीचा क्रम ठरवायला वर्षाच्या ३६६ तारखांच्या कुप्यांची सोडत काढली. कुप्या महिन्यामहिन्याने भरल्या होत्या आणि पुरेशा मिसळल्या नव्हत्या. वर्षअखेरच्या महिन्यांतल्या तारखा अपेक्षेपेक्षा जास्त प्रमाणात आधी निघाल्या, म्हणजे त्या तारखांना जन्मलेली मुलं आधी भरतीला. हे पुढच्या काही आठवड्यांत संख्याशास्त्रज्ञांनी आकड्यांवरूनच दाखवून दिलं. सोडत जाहीर होती, कॅमेऱ्यासमोर होती, कोणी फसवलं नव्हतं. तरी ती यदृच्छया नव्हती.

आणि 'अचानक' हा शब्द चुकूनही वापरू नका. 'अचानक तपासणी' म्हणजे तपासल्या जाणाऱ्याला आधी कळवलेलं नाही. कोणाला तपासायचं हे साहेबांनी हेरून ठरवलेलं असू शकतं. उलट यदृच्छया निवडलेल्यांना महिनाभर आधी कळवलं तरी निवड यदृच्छयाच राहते.

वाक्य २ राहिलं. इथे 'निवडा' नाही, 'वाटा' आहे, आणि दोन्हीचं कारण वेगळं. निवड यदृच्छया करतो ती नमुन्यावरून सगळ्या वाफ्याबद्दल बोलता यावं म्हणून. वाटप यदृच्छया करतो ते दोन गटांतला फरक (समजा, एका गटाला दिलेल्या) खतामुळे आहे असं म्हणता यावं म्हणून, कुंड्या मुळातच वेगळ्या होत्या म्हणून नव्हे. शेतीच्या प्रयोगांत ही दुसरी गोष्ट रुजवली ती रोनाल्ड फिशरने, १९२० च्या दशकात.

नाणं उडवून वाटप करू नये. २० कुंड्यांसाठी २० वेळा नाणं उडवलं तर बरोबर १०-१० वाटणी शंभरात साडेसतराच्या आसपास वेळा होते. १३-७ किंवा त्याहून एकांगी वाटणी शंभरात सव्वीस वेळा. एका गटात सात कुंड्या घेऊन निष्कर्ष काढायची पाळी येते. त्यापेक्षा चौकड्या करा:

रोपांच्या उंचीप्रमाणे २० कुंड्या ओळीने लावा, चार-चारच्या पाच चौकड्या पाडा. चार कुंड्यांत दोन 'अ' आणि दोन 'ब' बसवण्याचे प्रकार सहाच होतात: अअबब, अबअब, अबबअ, बअअब, बअबअ, बबअअ. त्यांना १ ते ६ क्रमांक द्या आणि प्रत्येक चौकडीसाठी फासा एकदा टाका. पाच फाशांत वाटप संपतं, गट बरोबर दहा-दहाचे, आणि उंच रोपं एकाच बाजूला जमत नाहीत.

'एकाआड एक कुंडी अ आणि ब' हे मात्र यदृच्छया नाही, कितीही नीटनेटकं दिसलं तरी. पुढची कुंडी कुठल्या गटात जाणार हे आधीच कळतं, आणि कळलं की ओळ लावणाऱ्याचा हात हलतो.

---

पेशीभित्तिका

वाक्य ४ सगळ्यात धोक्याचं आहे, आणि शब्द बदलून ते सुटणार नाही.

'उत्परिवर्तने यदृच्छया घडतात' यातून मुलं 'डीएनएत कुठेही, सगळीकडे सारख्याच शक्यतेने' असं समजतात. ते खरं नाही. मेथिल गट लागलेला सायटोसीन (डीएनएच्या चार 'अक्षरां'पैकी एक; थायमिन दुसरं) इतर जागांपेक्षा बराच जास्त वेळा बदलतो. अतिनील किरणांनी होणारी इजा शेजारी-शेजारी असलेल्या थायमिनच्या जोड्यांवर जास्त दिसते. म्हणजे संख्याशास्त्रातली 'समसंभाव्य' ही कल्पना इथे लागू नाही.

मग यदृच्छया म्हणजे काय? तो बदल त्या जिवाला उपयोगी पडणार आहे की नाही, याच्याशी बदल घडण्याचा संबंध नाही. जिवाणूला विषाणूपासून वाचायची गरज आहे म्हणून प्रतिकाराचं उत्परिवर्तन येत नाही. ते गरजेच्या आधीच, गरजेची वाट न बघता, कुठल्यातरी पेशीत होऊन बसलेलं असतं.

हे १९४३ साली ल्युरिया आणि डेलब्रुक यांनी ज्या पद्धतीने तपासलं ती पुस्तिकेत चौकट म्हणून टाकण्याजोगी आहे. थोड्या थोड्या जिवाणूंपासून सुरुवात करून अनेक वेगवेगळी संवर्धनं (वेगवेगळ्या भांड्यांत वाढवलेले जिवाणू) वाढवायची, मग प्रत्येक संवर्धन विषाणू पसरलेल्या एकेका ताटलीवर ओतायचं आणि किती वसाहती वाचल्या ते मोजायचं. प्रतिकार विषाणूच्या संपर्कामुळे निर्माण होत असेल तर सगळ्या ताटल्यांवर साधारण सारखेच आकडे येतील, सरासरीच्या थोडे इकडे-तिकडे. प्रतिकार आधीच, वाढीच्या काळात कधीतरी, आलेला असेल तर ज्या संवर्धनात तो लवकर आला तिथे त्या पेशीची सगळी पिल्लावळ प्रतिकारक्षम असणार. मग बहुतेक ताटल्या रिकाम्या किंवा दोन-चार वसाहतींच्या, आणि एखाद्या ताटलीवर शेकड्याने. प्रत्यक्षात असाच, सरासरीला दाद न देणारा, उधळलेला विस्तार आला. एकाच संवर्धनातून काढून अनेक ताटल्यांवर ओतलेल्या नमुन्यांत मात्र आकडे जवळजवळ राहिले, त्यामुळे दोष मोजणीचा नव्हता हेही कळलं.

माझ्या मते वाक्य असं लिहा: "उत्परिवर्तने गरजेनुसार घडत नाहीत. ती आधीच यदृच्छया घडलेली असतात." पहिल्या वाक्याने दुसऱ्यातल्या शब्दाचा अर्थ बांधून टाकला. आणि 'योगायोगाने' इथे नको. योगायोगाला दोन घटना लागतात, एकाच वेळी जुळून आलेल्या. 'दैववशात' तर नकोच.

---

कंसातला

चांगलंच उलगडतंय. मग वाक्य ३ मध्येही तीच गफलत आहे का? 'इतस्ततः विखुरलेले' केलं तर?

---

पेशीभित्तिका

'इतस्ततः' म्हणजे इकडे-तिकडे. दिसण्याचं वर्णन म्हणून ठीक, दावा म्हणून काहीच नाही. पुढे मुलांना मोजायला लावणार असाल तर 'यादृच्छिकपणे' ठेवा, आणि ते कसं दिसतं तेही सांगा, कारण इथे नेमकी उलटी अपेक्षा असते. 'यादृच्छिकपणे विखुरलेले' वाचलं की मुलं सारख्या अंतरावरचे ठिपके काढतात, रांगोळीच्या ठिपक्यांसारखे. सारखं अंतर ही तर शिस्त झाली.

दृश्यक्षेत्रावर १०० चौकटी आखलेल्या आहेत आणि १०० परागकण एकमेकांची दखल न घेता पडलेत असं धरा. सरासरी चौकटीला एक. पण साधारण ३७ चौकटी रिकाम्या निघतील, ३७ मध्ये एकेक कण, १८ मध्ये दोन-दोन, ६ मध्ये तीन-तीन, आणि दोनेक चौकटींत चार किंवा जास्त. म्हणजे तिसऱ्या हिश्श्याहून जास्त जागा मोकळी आणि मधेमधे पुंजके. हे आकडे आले तर विखुरणं यादृच्छिक. रिकाम्या चौकटी पाच-दहाच निघाल्या तर कण एकमेकांपासून अंतर राखतायत, साठ-सत्तर निघाल्या तर ते चिकटून पडतायत. परागकणांच्या बाबतीत दुसरी शक्यता दांडगी, कारण ओलसर किंवा तेलकट कण गठ्ठ्याने पडतात. म्हणून वाक्यातलं 'दिसतील' हे भाकीत काढा आणि त्याचा प्रश्न करा: "परागकण यादृच्छिकपणे विखुरले आहेत का, ते चौकटी मोजून ठरवा."

---

त्रिज्यखंड

वाक्य ५ कुणीच घेतलं नाही म्हणून. आधी हे ठरवा की तिथे यदृच्छया हवं आहे, की 'कोणतीही'.

सिद्धतेत आपण म्हणतो, 'वर्तुळाची कोणतीही जीवा घ्या'. त्याचा अर्थ, तुम्ही मुद्दाम कितीही वाकडी निवडलीत तरी पुढचं विधान टिकेल. तिथे संभाव्यता नाही, फासा नाही. 'यदृच्छया घ्या' म्हणजे निवडीमागे एक ठरलेली संभाव्यतेची मांडणी आहे. हे दोन्ही इंग्रजीत बोलताना बेमालूम मिसळतात आणि मराठीत तसेच उतरतात. केंद्रातून जीवेवर टाकलेला लंब जीवेला दुभागतो हे दाखवायचा प्रयोग असेल तर 'कोणतीही एक जीवा काढा', विषय संपला. 'स्वैरपणे' इथे नको. स्वैर म्हणजे बंधन न पाळता, आपल्या मर्जीने. स्वैर भाषांतरातला स्वैर.

पण प्रयोग खरंच संभाव्यतेचा असेल, तर 'जीवा यदृच्छया काढा' ही आज्ञा अपुरी आहे, आणि अपुरी कशी ते जोझेफ बर्ट्रांडने १८८९ मध्येच दाखवलंय. प्रश्न असा: वर्तुळात समभुज त्रिकोण आंतरलिखित केला, आणि जीवा यदृच्छया काढली, तर ती त्या त्रिकोणाच्या बाजूपेक्षा लांब असण्याची संभाव्यता किती?

परिघावर दोन बिंदू यदृच्छया घेऊन जोडले तर उत्तर १/३. एक बिंदू त्रिकोणाच्या शिरोबिंदूवर आहे असं मानलं तर दुसरा समोरच्या कंसावर पडला तरच जीवा लांब होते, आणि तो कंस परिघाचा तिसरा हिस्सा.

एक त्रिज्या घेऊन तिच्यावर केंद्रापासूनचं अंतर यदृच्छया ठरवलं आणि तिथे लंब जीवा काढली तर १/२. त्रिकोणाची बाजू केंद्रापासून अर्ध्या त्रिज्येवर असते. त्याच्या आत पडलं की लांब.

जीवेचा मध्यबिंदू वर्तुळाच्या आत यदृच्छया टाकला तर १/४. मध्यबिंदू अर्ध्या त्रिज्येच्या आतल्या वर्तुळात पडायला हवा, आणि त्याचं क्षेत्रफळ मोठ्याच्या चौथाई.

तिन्ही उत्तरं बरोबर. कशाची यदृच्छया निवड, हे न सांगितल्यामुळे प्रश्न तीन झाले. नमुनापेटी यांनी वर 'कशातून, किती, कशाने' म्हटलं त्यातलं 'कशातून' इथे तोंडावर आपटतं. ८७ रोपांत ते उघड असतं, वर्तुळाच्या अनंत जीवांत नसतं.

---

बीजांक

संगणकाबद्दल थोडी भर. यंत्र जे आकडे देतं ते एका सूत्रातून निघतात. बीज, म्हणजे सुरुवातीची संख्या, तीच दिली तर तीच माळ पुन्हा येते. प्रयोगपुस्तिकेसाठी हे सोयीचंच: 'बीज ४२ घेऊन' असं नोंदवलं की दुसरा कोणीही तीच बारा रोपं काढून दाखवू शकतो. त्यामुळे निवडीचं यदृच्छयापण कमी होत नाही, अट एकच: बीज आधी ठरवायचं. पाच बिजं घालून बघून त्यातलं मनासारखं ठेवलं तर पुन्हा 'कशीही' निवड झाली.

मुलं स्वतः प्रोग्राम लिहिणार असतील तर पत्ते पिसण्याच्या चुकीकडे लक्ष ठेवा. तीन पत्ते आहेत. प्रत्येक जागेवरचा पत्ता तिन्हींपैकी कुठल्याही जागेशी बदला, असं तीनदा केलं तर २७ वाटा होतात, सगळ्या समसंभाव्य. क्रम मात्र ६. सत्तावीसला सहाने भाग जात नाही, म्हणजे क्रम समसंभाव्य असूच शकत नाहीत: तीन क्रमांना ५/२७ मिळतात, तीनांना ४/२७. बरोबर रीत अशी की शेवटच्या जागेपासून मागे या आणि प्रत्येक वेळी अजून न ठरलेल्या जागांतूनच, त्या जागेसकट, एक निवडा. मग वाटा ३ × २ × १ = ६, क्रम ६.

---

कंसातला

सगळ्यांचे आभार. तूर्त असं केलंय:

१. नमुनापेटी यांचं वाक्य जसंच्या तसं, 'यादृच्छिक अंकांचा तक्ता' पुस्तिकेच्या मागे जोडून.
२. "उंचीप्रमाणे चार-चार कुंड्यांच्या पाच चौकड्या करा. प्रत्येक चौकडीसाठी फासा टाकून खालील सहांपैकी एक रचना घ्या. 'अ' कुंड्यांना खत द्या, 'ब' कुंड्यांना देऊ नका. सर्व कुंड्या खिडकीजवळच्या बाकावर दोन ओळींत ठेवा: एक ओळ 'अ', एक ओळ 'ब'."
३. प्रश्नार्थक केलं.
४. दोन वाक्यांचं केलं.
५. 'कोणतीही एक जीवा काढा'. प्रयोग लंबाचाच आहे.

म्हणजे 'यदृच्छया' सबंध पुस्तिकेत एकदाच उरला, उत्परिवर्तनांपाशी.

---

नमुनापेटी

दुसऱ्यातलं शेवटचं वाक्य काढा. फासा टाकून कुंड्यांना गट यदृच्छया मिळाला आणि मग सगळ्या 'अ' एका ओळीत, सगळ्या 'ब' दुसऱ्या ओळीत. जी ओळ खिडकीला लागून तिला ऊन जास्त. आता खताचा फरक आणि उन्हाचा फरक वेगळा काढता येणार नाही, फासा टाकलेला फुकट गेला. त्याऐवजी: "प्रत्येक चौकडीच्या चार कुंड्या एकत्र ठेवा. चौघींच्या जागा १ ते ४ क्रमांकांच्या चिठ्ठ्या टाकून ठरवा." पाच चौकड्या बाकावर कुठेही राहोत, त्यांच्यातला उजेडाचा फरक दोन्ही गटांना सारखाच भोवतो. आणि लेबलं कुंडीलाच चिकटवा, जागेला नाही. पाणी घालताना कुंड्या हलतात.